नोंदणी तुझ्या नावावर

मेस्किट, नेवाडा
६ जानेवारी

लॉरेल,

पत्ता आर्डा मावशीकडून काढला. तिच्यावर चिडू नकोस. मी तिला फोन करकरून इतकं हैराण केलं की शेवटी तिने वैतागून सांगितला.

मुद्द्याचं आधी लिहितो, नाहीतर दोन ओळी वाचून फाडशील. जुलैत मी घरगाडी घेऊन वाळवंटातल्या उद्यानांची फेरी करायचं ठरवलंय. आधी झायन, मग ब्राइस, मग कॅपिटल रीफ आणि शेवटी आर्चेस. अकरा दिवस. तू बरोबर यावंस असं मला वाटतं. झालं, लिहून टाकलं.

जुलैत वाळवंटात कोण मरायला जातं, असं म्हणशील. गसही तेच म्हणाला. गस म्हणजे आमच्या घरगाड्यांच्या वसाहतीतला माझा शेजारी, तोंडाने फटकळ पण माणूस चांगला. म्हणाला, "जुलैत तिकडे एक तर जर्मन जातात, नाहीतर डोकं फिरलेले. तुला जर्मन येतं का रे?" मी म्हटलं, नाही येत. "मग प्रश्नच मिटला," म्हणाला.

गाडी ती नाही. ती तेव्हाच भंगारात दिली. ही लहान आहे, बावीस फुटी. मागे पलंग नाही, पुढे ड्रायव्हरच्या टपावर माळ्यासारखी एक झोपायची जागा आणि एक जेवणाचं टेबल, जे मोडून खाट होते. इंजिन मी स्वतः उतरवून परत बसवलंय. तीस वर्षं शाळेच्या बसगाड्या दुरुस्त केलेल्या माणसाच्या हातचं काम आहे, त्यामुळे तेवढी खात्री ठेव.

कॅपिटल रीफला मुद्दाम बारा ते सोळा जुलै धरणार आहे. का ते तुला सांगायला नको.

उत्तराची घाई नाही.

पपा


१७ जानेवारी

लॉरेल,

जागा मिळाल्या. चारही ठिकाणी.

या दुनियेची तऱ्हा तू विसरली असशील. बरोबर सहा महिने आधी, सकाळी सातच्या ठोक्याला नोंदणी उघडते, आणि सात वाजून एक मिनिटाने सगळं संपलेलं असतं. सहा महिन्यांनी आपण असू की नसू याचा पत्ता नसलेली सत्तरीतली माणसं कॉम्प्युटरच्या कळीवर बोट ठेवून श्वास रोखून बसतात. आमच्या ओळीतल्या हॅरिएटने गेल्या वर्षी ऑक्टोबरची जागा धरली आणि ऑगस्टमध्ये ती गेली. गस अजून हळहळतो. हॅरिएटसाठी नाही, जागेसाठी. "नदीकाठची होती रे, वर कॉटनवूडची सावली."

चारही वेळा कळ गसने दाबली. माझी बोटं मंद झालीत.

"नाव काय घालू?" त्याने विचारलं.

"लॉरेल हॅस्केट."

"ही कोण?"

"माझी मुलगी."

त्याने चष्मा काढून माझ्याकडे बघितलं. "तुला मुलगी आहे?"

सहा वर्षं आम्ही रोज सकाळी एकत्र कॉफी पितो, लॉरेल.

मग तो म्हणाला, "हे बघ ऑरिन, ज्याच्या नावावर जागा तो माणूस तिथे हजर लागतो. ओळखपत्र बघतात. ही बाई आली नाही तर तुला दारातूनच परत फिरवतील."

"घाल म्हटलं ना."

"चारही ठिकाणी?"

"चारही."

घातलं त्याने. तुझा ईमेलही घातला, तो आर्डाने दिला होता. तेव्हा पावत्या तुझ्याकडे पोचल्या असतील. तुझ्या नावावर घेतल्या म्हणजे तुझ्या सोयीने तुला काय ते बदलता येईल, एवढाच माझा विचार.

पपा


२ मार्च

लॉरेल,

उत्तर नाही, म्हणजे नकारही नाही, असं मी धरून चाललोय. मूर्खपणा असेल. या वयात तेवढाच परवडतो.

तयारी चालू आहे. टायर नवे घातले. पाण्याची टाकी आतून धुतली. चाकांखाली घालायच्या लाकडी पाचरी केल्या, गाडी तिरकी राहिली की तुला रात्रभर झोप लागायची नाही ते लक्षात आहे. तुझ्यासाठी टेबलाची खाट ठेवलीय, मी वर टपावर झोपेन. गस म्हणतो, "तू शिडी चढून वर झोपणार? मग खाली उतरवायला अग्निशमनवाले बोलवावे लागतील."

बारा जुलैला कॅपिटल रीफमधल्या फ्रुटाच्या बागेत जर्दाळू पिकलेले असतील. तुझ्या आईला त्याचं केवढं वेड होतं. झाडावरून तोडून तिथल्या तिथे खायचे, हनुवटीवरून रस गळतोय, आणि वर तुला सांगायची, "धुऊन खा गं." तू म्हणायचीस, "तू धुतलेस का?" त्यावर तिचं ठरलेलं उत्तर, "मी आई आहे."

ही गोष्ट मी गसला सांगितली तर तो हसला. मीही हसलो, आणि मग मला उठून बाहेर जावं लागलं.

अलार्म दोन बसवलेत. विषारी वायूचे. एक खाली, एक वर. गाडीत जनरेटरच ठेवलेला नाही, उकडलं तर उकडू दे. त्या दिवसाबद्दल बोलायचं नाही असं माझं ठरलंय. तुझंही तसंच असेल. मी तुला कधी दोष दिला नाही, हे तुला माहीत आहे. जे झालं ते झालं.

पपा


१७ एप्रिल

लॉरेल,

ईस्टरला आर्डा तुझ्याकडे ड्युलूथला येऊन गेली म्हणे. काल तिचा फोन आला. आधी नेहमीसारखं गुडघे, मग हवामान, आणि मग एकदम तुझा विषय. मी विचारलं, काय झालं? तर म्हणाली:

"ऑरिन, पोरीच्या दोन खोल्या आणि अलार्म पाच. मोजले मी. एक तर बाथरूममध्ये. आणि खिडकी उघडी टाकून झोपते रे! ड्युलूथमध्ये! तलावावर अजून बर्फ आहे. मी कोट घालून जेवले. मी म्हटलं, बाई, लाव ती खिडकी, मी म्हातारी गोठून मरेन. तर लहान पोरीसारखी रडायला लागली. 'परत नको, मावशी,' म्हणाली, 'परत नको.'"

मी फोन ठेवला. तिचं बोलणं संपलं नव्हतं तरी ठेवला.

बावीस वर्षं झाली. तू तेव्हा एकोणीस वर्षांची होतीस. मला वाटायचं, तू बोलत नाहीस कारण तुला माझा राग आहे. खरं सांगायचं तर मला ते सोयीचं होतं. राग असलेल्या माणसाचं बरं चाललेलं असतं, असं मी स्वतःला समजावत आलो. पाच अलार्म माझ्या डोक्यात कधी आले नाहीत.

आता दुसरं एक. मी तुला सरळ सांगितलं नाही. माझे डोळे गेलेत. आंधळा नाही झालो, पण मधलं दिसत नाही. माणूस समोर आला की कान दिसतात, चेहरा दिसत नाही. फेब्रुवारीत लायसन्सच्या खिडकीवर त्या पोरीने भिंतीवरची अक्षरं वाचायला सांगितली. मी विचारलं, "कुठली भिंत?" तिला वाटलं मी थट्टा करतोय. मग तिने माझं लायसन्स काढून घेतलं, फार अदबीने, "सॉरी हं, मिस्टर हॅस्केट." गाडी अंगणात उभी आहे, चालवणार कोण? आर्डाला मी तेव्हाच सांगितलं होतं आणि तिला शपथ घातली होती की तुला कळता कामा नये. तिने शपथ पाळली असेल तर हे तिच्या आयुष्यातलं पहिलं पथ्य.

तेव्हा जागा तुझ्या नावावर का घेतल्या ते आता समजलं असेल. तुझ्या सोयीसाठी नव्हे. तू आली नाहीस तर मला कुठेच आत घेणार नाहीत, आणि हे तुला कळलं तर तुला नाही म्हणणं जड जाईल, असा माझा हिशेब होता. लहानपणी तू शेजाऱ्यांचं लंगडं कुत्रं घरी आणलं होतंस, त्या तुझ्या स्वभावावर मी डाव लावला.

आणखीही सांगायचं आहे. आज नाही जमत.

पपा


४ मे

लॉरेल,

तीन वेळा लिहून फाडलं. गसला सांगून लिहवून घ्यावं असंही वाटलं, डोळ्यांचं निमित्त होतंच. पण हे माझ्या हाताने लिहायला हवं. ओळी वाकड्या जातील.

बारा जुलैला, आपण फ्रुटाला पोचलो त्या दिवशी सकाळी, मी पेट्रोल भरायला थांबलो होतो. त्या पंपाबाहेर पडताना रस्त्याला खोल घळ होती. घरगाडीची शेपटी चाकांच्या फार मागे लोंबते, घळीत उतरताना ती खाली घासते, हे नवशिक्यालाही माहीत असतं. मी वेगात काढली, कारण तुझं आणि माझं भांडण चालू होतं आणि मला दाखवायचं होतं की मी चिडलोय. मागून आवाज आला. तुझी आई म्हणाली, "काहीतरी लागलं." मी म्हटलं, "काही नाही लागलं."

मुक्कामाच्या तळावर पोचल्यावर मी खाली वाकून बघितलं. जनरेटरचा धूर बाहेर टाकणारी नळी वाकून जोडापाशी फाटली होती, बरोबर तुमच्या पलंगाखाली. मी ती तारेने आवळून बांधली. म्हटलं, चार दिवसांनी गावात पोचलो की नीट करू. तीस वर्षांत एखाद्या पोऱ्याने शाळेच्या बसला असली तार बांधली असती तर मी त्याला त्याच दिवशी घरी पाठवलं असतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी तू वाचत होतीस आणि अलार्म टिवटिवत होता. गाडीची बॅटरी उतरली की ते यंत्र अर्ध्या अर्ध्या मिनिटाला टिवटिवतं, आणि सगळे घरगाडीवाले वैतागून त्याची वायर उपटतात. तूही उपटलीस. ती लोंबताना मी बघितली. मला बरं वाटलं, आवाज थांबला म्हणून. परत लावायचं काम माझं होतं. नळी फाटलीय हे फक्त मला माहीत होतं.

चौदा तारखेला संध्याकाळी तुझ्या आईचं डोकं दुखत होतं. तळावर जनरेटर लावायला सहा ते आठ एवढीच परवानगी होती. ती म्हणाली, "पडते जरा, थंड हवा लाव." मी जनरेटर चालू केला आणि तुला म्हटलं, चल, नदीत पाय बुडवून येऊ. आपण परत आलो तेव्हा ऊन अजून होतं.

त्या पोलिसाने विचारलं, "अलार्मची वायर कोणी काढली?" मी काही बोललो नाही. फक्त तुझ्याकडे बघितलं. तू म्हणालीस, "मी."

हेच मी केलं, लॉरेल. मी बोललो असतो तर कदाचित मला स्वतःला समजावता आलं असतं, पण मी नुसतं बघितलं.

मग ते तिला घेऊन गेले आणि तू त्यांच्याबरोबर गेलीस. मी मागे राहिलो. गाडीखाली सरपटत गेलो, तार सोडली आणि पुलावरून नदीत फेकली. त्यांच्या कागदावर आलं की खडबडीत रस्त्याने नळी निसटली आणि अलार्म बंद होता. पुढे तुला मी म्हटलं, "मी तुला दोष देत नाही." किती मोठ्या मनाने म्हटलं! तू माझे आभार मानलेस. दफनाच्या दिवशी, चर्चच्या पायरीवर, माझा हात धरून.

तुझ्या आईला तू मारलं नाहीस. मी मारलं. आणि मग बावीस वर्षं ते तुझ्याकडे ठेवायला दिलं.

हे पत्र गसने पेटीत टाकू नये म्हणून मी स्वतः चालत जाऊन टाकणार आहे. तो उघडत नाही कुणाची पत्रं, पण मला वाटेत परतावंसं वाटलं तर तेही माझ्याच पायांनी व्हावं.

ऑरिन


२९ मे

लॉरेल,

गस रोज सकाळी त्याच्या कॉम्प्युटरवर आपल्या जागा बघतो. मीच लावलंय त्याला. १२ मेला म्हणाला, "ऑरिन, झायनची तुझी जागा मोकळी दिसतेय." मी म्हटलं, नीट बघ. म्हणाला, "बघितलं. म्हणेपर्यंत गेली पण कुणालातरी."

दोन दिवसांनी ब्राइस. मग आर्चेस.

गस थट्टा करायचा थांबलाय, आणि त्याने थट्टा थांबवली की मला फार भीती वाटते. परवा म्हणाला, "ती एकेक करून काढतेय, म्हाताऱ्या. एकदम सगळ्या काढता आल्या असत्या. एका कळीचं काम आहे." मी म्हटलं, म्हणजे काय? म्हणाला, "मला काय ठाऊक? मला मुलं नाहीत."

हे तुझं उत्तर आहे हे मला समजलं. बरोबर आहे. मी तक्रार करत नाही. सकाळी उठतो, गाडीभोवती एक फेरी मारतो, टायरला लाथ मारून बघतो आणि घरात येऊन बसतो. कुणी विचारलं कसं चाललंय, तर बरं म्हणतो. बरं नाही. जेवणाची चव गेलीय आणि दिवस संपत नाहीत. हे तुला दया यावी म्हणून लिहीत नाही, खोटं लिहायचं सोडलंय म्हणून लिहितोय.

पण फ्रुटाची जागा तू काढलेली नाहीस. गसने आज तीनदा बघितलं. बारा ते सोळा, अजून धरलेली आहे. मी काही म्हणत नाही. अंगणातल्या गाडीच्या काचा मात्र आज पुसल्या. गसने ओळखलं आणि म्हणाला, "तुला ड्रायव्हर लागला तर मी आहे. फ्रुटापर्यंत सोडेन, आणि तुमच्यामध्ये तोंड घालणार नाही." मी हो म्हटलं, लॉरेल. काय सांगू, मी लगेच हो म्हटलं.

पपा


८ जुलै

लॉरेल,

हे पत्र तुला फ्रुटाला मिळेल. घरी पाठवलं असतं तर तू निघाल्यावर पोचलं असतं. तिथल्या तळावर फर्न नावाची बाई आहे, उन्हाळाभर स्वतःच्या घरगाडीत राहून तळाची देखरेख करते. तिच्या पत्त्यावर टाकतोय. तुला द्यायचं असं तिला सांगितलंय. वाचायचं की नाही ते तू ठरव.

तिला मी काल फोन केला होता. गसने सामान भरलं होतं, परवा निघायचं होतं. मी म्हटलं, लॉरेल हॅस्केटच्या जागेबद्दल विचारायचंय, मी तिचा बाप.

"हां हां, आत्ताच यादी छापून आलीय," ती म्हणाली. कागद उलटल्याचा आवाज आला. "हॅस्केट, हॅस्केट... आहे. बारा ते सोळा. तंबू. माणूस एक."

"बावीस फुटी घरगाडी असेल. माणसं दोन."

"होती, पण बदललंय. अहो, मी हे सांगू नये खरं तर, पण तुम्ही वडील म्हणताय... मे महिन्यात बदललंय. आता तंबू, माणूस एक."

मी विचारलं, माझं नाव जोडता येईल का?

"नाव तिचं आहे ना, त्यामुळे तीच सांगू शकेल," फर्न म्हणाली. आणि मग, बिचारी, माझं मन राखायला म्हणून पुढे बोलली. "तुम्ही तेच का, डोळे अधू असलेले? तिने मार्चमध्ये फोन केला होता, मीच घेतला. म्हणाली, वडील येणार आहेत, त्यांना नीट दिसत नाही, संडासाजवळची सपाट जागा मिळेल का. गाडी मी चालवणार आहे, तेव्हा वळवायला सोपी पण हवी. दोनदा विचारलं तिने, वाटेत दगड तर नाहीत ना. मी बदलून दिली हो जागा. गोड मुलगी आहे. तुम्ही येत नाहीये का मग?"

मी म्हटलं, नाही. प्रकृती ठीक नाही.

म्हणजे तू येणार होतीस. आर्डाने शपथ मोडली होती, आणि तू मला उत्तर न लिहिता माझ्यासाठी जागा बदलून घेतली होतीस. मी इथे टायर मोजत बसलो होतो, तेव्हाच तू यायचं ठरवलं होतंस. मग माझं पत्र पोचलं.

काल दिवसभर मी एकच गोष्ट घोळवत बसलो. ते पत्र टाकलं नसतं तर परवा तू माझ्या दारात असतीस. तू गाडी चालवली असतीस, मी शेजारी बसलो असतो, तुझा चेहरा दिसला नसता तरी आवाज ऐकला असता. याहून दुसरं मला या जगात काही नको होतं. संध्याकाळपर्यंत मी त्या पत्राला शिव्या घातल्या.

आणि मग मला कळलं तू कशासाठी येणार होतीस. बावीस वर्षांनी, बापाला त्या जागी घेऊन जाऊन, त्याचे पाय धरून तू माफी मागणार होतीस. आणि मी दिली असती, लॉरेल. स्वतःला ओळखतो मी. तुझ्या डोक्यावर हात ठेवून मी तुला माफ केलं असतं.

तेव्हा पत्र टाकलं ते योग्य झालं. मला त्याचं सुख नाही, धीरही नाही. गसला सांगितलं, सामान उतरव. त्याने काही न विचारता उतरवलं, बर्फाची पेटी तेवढी माझ्या पायरीवर ठेवून गेला.

मी येणार नाही, पुन्हा लिहिणारही नाही. जर्दाळू सकाळी लवकर तोड, दहानंतर ऊन लागतं. आणि चौदा तारखेला संध्याकाळी तुझ्या आईशी बोलशील तेव्हा माफी मागू नकोस. ती मागायची तर मला मागायची आहे, आणि मला तिथे यायची परवानगी नाही.

ऑरिन हॅस्केट